बाटवणारा पाव, अस्मितेचा वडापाव

संध्याकाळी सहाच्या सुमारास दादर स्थानकाबाहेरच्या एखाद्या गाडीपाशी पाच मिनिटे उभे राहिले, तर असे दिसते की वडापाव मागणारी माणसे फारसे बोलत नाहीत. ती नुसती बोटे दाखवतात. गाडीवाला लादीतून दोन पाव सुटे करतो, सुरीने मधोमध चीर देतो पण एक कड जोडलेलीच ठेवतो, आत चमचाभर सुकी लाल चटणी पसरतो, नुकत्याच काढलेल्या घाण्यातले दोन वडे त्यात बसवून तळहाताने किंचित दाबतो आणि मीठ लावलेली तळलेली मिरची वर ठेवून कागद पुढे करतो. पैसे देऊन माणूस जिना चढू लागतो, तेव्हा पहिला घास त्याच्या तोंडात असतो. हा सगळा व्यवहार जेमतेम अर्ध्या मिनिटाचा आहे.

या अर्ध्या मिनिटाच्या खाण्याला आपण अस्सल मराठी म्हणतो. त्याचे घटक सुटे करून पाहिले, तर बटाटा दक्षिण अमेरिकेतला, मिरची अमेरिका खंडातलीच आणि पाव पोर्तुगीजांचा. आपल्याकडे जुने म्हणावे असे हरभऱ्याचे पीठ, हळद, लसूण, आले आणि तळण्याची कला एवढेच उरते. हे आता बऱ्याच जणांना ठाऊक असते, आणि ‘म्हणजे वडापाव मुळात परदेशीच की’ असे म्हणून विषय संपवला जातो. हा विषय इतक्यात संपवणे मला पटत नाही, कारण अधिक विचार करण्याजोगा प्रश्न त्याच्या पुढे आहे. पोर्तुगीजांच्या वाटेने आलेला बटाटा आपण उपासाला चालवून घेतला, आणि त्याच वाटेने आलेल्या पावाने मात्र माणूस बाटतो असे पुढच्या कित्येक पिढ्या मानले. मग ज्या पावाच्या एका तुकड्याने जात जात होती, तोच पाव मराठी अस्मितेची खूण कसा झाला?

एका वाटेने आलेले दोन पाहुणे

आधी बटाटा पाहू. त्याची लागवड अँडीज पर्वतराजीत, आजच्या पेरू आणि बोलिव्हियाच्या परिसरात, हजारो वर्षांपूर्वी सुरू झाली. सोळाव्या शतकात स्पॅनिश लोकांनी तो युरोपात नेला आणि पुढे युरोपीय व्यापाऱ्यांमार्फत तो भारताच्या पश्चिम किनाऱ्यावर पोचला. ‘बटाटा’ हा आपला शब्दही पोर्तुगीजांकडून आलेला आहे. पोर्तुगीज भाषेने तो कॅरिबियन बेटांवरील टायनो लोकांच्या बोलीतून उचलला होता, आणि तिथे त्याचा अर्थ होता रताळे. म्हणजे रताळ्याचे नाव बटाट्याला चिकटले आणि तसेच मराठीत आले. उत्तरेत ‘आलू’ म्हणतात. ‘बटाटा’ हा शब्द मात्र मुख्यतः पश्चिम किनाऱ्यालगतच्या भाषांमध्ये रुळला. ज्यांच्या बंदरांतून वस्तू आली त्यांनी दिलेले नाव त्या पट्ट्यात टिकले, एवढाच त्याचा अर्थ. बटाट्याचा मोठ्या प्रमाणावर प्रसार मात्र पुढे इंग्रजांच्या काळात झाला.

मिरचीची गोष्ट याहून मजेची आहे. कोलंबसाच्या १४९२ च्या सफरीपूर्वी भारतातल्या एकाही स्वयंपाकघरात मिरची नव्हती. तिखटपणासाठी मिरी, आले आणि पिंपळी यांच्यावर भागवले जाई. मिरची आली तेव्हा तिला आपण नवे नाव दिले नाही. मिरीसारखी तिखट म्हणून मिरची, असे जुन्याच शब्दाला वळण देऊन तिला घरात घेतले. आज मिरचीशिवाय ठेचा, झुणका किंवा रस्सा यांची कल्पनाही करवत नाही.

पावाला एवढ्या सहज प्रवेश मिळाला नाही. ‘पाव’ हा पोर्तुगीज शब्द ‘पांव’ याचेच मराठी रूप आहे. पायांनी कणीक तुडवतात म्हणून पाव, किंवा चौथा हिस्सा म्हणून पाव, या व्युत्पत्ती केवळ ऐकीव आहेत. १५३४ साली गुजरातच्या सुलतानाने वसईचा प्रदेश पोर्तुगीजांना दिला आणि त्यात मुंबईची बेटेही आली. १६६१ च्या विवाहकरारात ही बेटे इंग्लंडच्या राजाकडे गेली. वसई मात्र १७३९ मध्ये चिमाजी अप्पांनी जिंकेपर्यंत पोर्तुगीजांकडेच होती. म्हणजे वसई पट्ट्याला पोर्तुगीज खाण्यापिण्याचा शेजार दोनशे वर्षे लाभला. गोव्यात आंबवण्यासाठी खमिराऐवजी माडी वापरून पाव भाजला जाऊ लागला, आणि गोव्याचे हे पाववाले पुढे रोजगारासाठी मुंबईत आले. एकोणिसाव्या शतकाच्या अखेरीपासून इराणी आले आणि त्यांच्या बेकऱ्यांतून ब्रून व कडक पाव मिळू लागला.

बटाटा आणि पाव यांच्या वाट्याला वेगवेगळे नशीब का आले, याचे उत्तर सोवळ्याओवळ्याच्या नियमांत सापडते. कच्च्या वस्तूला विटाळ लागत नाही, रांधलेल्या अन्नाला लागतो, हा त्या नियमांचा गाभा. बटाटा कोणीही पिकवलेला असो, तो घरात येतो कच्चा. त्याला धुऊन, उकडून, सोलून आपले माणूस आपल्या चुलीवर रांधते. शिवाय तो धान्य नव्हे, कंद. त्यामुळे धान्य वर्ज्य असलेल्या उपासाच्या ताटात त्याला जागा मिळाली आणि एकादशीला बटाट्याची भाजी खाताना हा कंद कोणत्या खंडातून आला याचा विचार कोणाच्या मनात येईनासा झाला. पावाचे तसे नव्हते. पाव घरात येतो तोच दुसऱ्याने मळलेला, दुसऱ्याने पाणी घातलेला आणि दुसऱ्याच्या भट्टीत भाजलेला. त्यात तो दुसरा ख्रिस्ती किंवा मुसलमान, आणि पीठ आंबवायला माडी. नियम मोडायला आणखी काय हवे? कोकणात तर विहिरीत पावाचा तुकडा टाकला आणि ते पाणी प्यायल्यामुळे अख्खे गाव बाटले, अशा कथा पिढ्यानपिढ्या सांगितल्या जात आल्या आहेत. त्या कथांतले तपशील गावागणिक बदलतात, पण बाटवणारी वस्तू सगळीकडे पावच असते.

पाव खाण्याचे धाडस

हा धाक किती खरा होता, याची साक्ष एका गुप्त संस्थेच्या इतिहासात मिळते. १८४९ साली मुंबईत परमहंस सभा स्थापन झाली. तिच्यामागे दादोबा पांडुरंग तर्खडकर होते. मराठीचे पहिले महत्त्वाचे व्याकरण लिहिणारे, ज्यांना मराठीचे पाणिनी म्हटले जाते ते हेच. जातिभेद मोडणे हा सभेचा उद्देश होता आणि सभासद होणाऱ्याला तो मनापासून मान्य आहे की नाही, हे पाहण्याची एक कसोटी होती: ख्रिस्ती माणसाने भाजलेल्या पावाचा तुकडा खाणे. एखाद्याने जातीविरुद्ध कितीही जोरकस भाषण केले तरी ते पुरेसे मानले जात नसे. तुकडा तोंडात घालून गिळला, की तो सभासद. सभेच्या बैठका गुप्तपणे चालत, कारण ही गोष्ट घरी कळली तर काय होईल हे प्रत्येकाला ठाऊक होते. १८६० च्या सुमारास सभासदांची यादी बाहेर फुटली आणि सभा मोडली. पुढे प्रार्थना समाज उभा करणाऱ्यांत या सभेतली काही मंडळी होती.

या प्रसंगाकडे आज पाहताना हसू येण्याची शक्यता आहे, म्हणून त्याच्या चाळीस वर्षांनंतरचाही एक प्रसंग सांगतो. ऑक्टोबर १८९० मध्ये पुण्याच्या पंचहौद मिशन या ख्रिस्ती संस्थेत एक व्याख्यान झाले आणि त्यानंतर आलेल्या मंडळींपुढे चहा-बिस्किटे ठेवण्यात आली. त्या मंडळींत न्यायमूर्ती रानडे होते आणि लोकमान्य टिळकही होते. हा कार्यक्रम घडवून आणणाऱ्या गोपाळराव जोशींनीच, म्हणजे डॉ. आनंदीबाईंच्या यजमानांनीच, उपस्थितांची नावे ‘पुणे वैभव’ या पत्रातून जाहीर केली आणि पुण्यात गदारोळ उडाला. प्रकरण शंकराचार्यांपर्यंत गेले, चौकशी बसली, प्रायश्चित्ते झाली. शहरातल्या सर्वांत वजनदार माणसांना एक पेला चहा आणि त्यासोबतची बिस्किटे इतकी महाग पडत असतील, तर सामान्य घरातल्या माणसाने बेकरीपासून दूर राहणे साहजिकच होते.

पावावरचा हा कलंक सुधारकांच्या भाषणांनी पुसला गेला असे मला वाटत नाही. त्यांचे धाडस खरे होते, पण त्याचा परिणाम मूठभर घरांपुरता राहिला. पाव लाखो तोंडांत गेला तो मुंबईतल्या कामाच्या वेळांमुळे.

भोंगा, पाळी आणि चूल

मुंबईतली पहिली कापडगिरणी काढण्यासाठी कावसजी नानाभाई दावर यांनी १८५४ मध्ये कंपनी स्थापन केली. त्यानंतरच्या काही दशकांत लालबाग, परळ, वरळी, शिवडी, प्रभादेवी या भागांत गिरण्यांची रांग उभी राहिली आणि त्या पट्ट्याला गिरणगाव हे नाव पडले. कोकणातून आणि घाटावरून आलेले पुरुष बहुधा एकटेच येत. बायकामुले गावी आणि इथे चाळीच्या एका खोलीत दहा-पंधरा जण, तेही पाळीपाळीने झोपणारे. पहिल्या पाळीचा माणूस उठून गेला की त्याच्या वळकटीच्या जागी रात्रपाळीचा येऊन पडे. अशा खोलीत स्वतःची चूल पेटवून सोवळे सांभाळणार कोण?

या माणसांच्या पोटाची सोय खाणावळवाल्या बायकांनी केली. घरच्याच चुलीवर वीस-पंचवीस जणांचा स्वयंपाक रांधून महिन्याच्या हिशोबाने जेवू घालणाऱ्या या बायकांवर गिरणगाव चालत असे, आणि त्यांच्याच संघटनेतून १९७५ मध्ये प्रेमा पुरव यांनी अन्नपूर्णा महिला मंडळ उभे केले. वडापावाच्या इतिहासात या बायकांचा उल्लेख फारसा होत नाही, पण तो व्हायला हवा. पैसे देऊन, दुसऱ्याच्या हातचे, आपल्या जातीच्या नसलेल्या चार जणांच्या पंगतीला बसून जेवण्याची सवय मराठी कामगाराला या खाणावळींनी लावली. अर्थात खाणावळींतही आपल्या गावचा, आपल्या भाऊबंदांतला गट पाहून जाण्याची पद्धत होतीच. तरी घरचा उंबरठा एकदा ओलांडला गेला, तो गेलाच.

पण खाणावळीत जेवण दोन वेळांचे. पाळी सुटल्यावर आणि जेवण होण्याआधी, किंवा गाडी पकडण्याआधी, जी भूक लागते तिच्यासाठी वेगळे काहीतरी लागते. ते स्वस्त असावे, उभ्या-उभ्या खाता यावे, ताट-वाटी लागू नये, हात फार माखू नयेत आणि पोटाला आधार मिळावा. इराण्याकडे चहात बुडवून खायचा पाव ही त्या भुकेची पहिली सोय होती. त्यामागोमाग गाड्यांवर आम्लेट-पाव, उसळ-पाव दिसू लागले. ‘पाव’ म्हटल्यावर ज्याचा आजोबा नाक मुरडायचा, तो माणूस आता पाव खाऊनच कामाला जाऊ लागला. जाता जाता सांगायचे तर महिन्याच्या शेवटी त्याला जो ‘पगार’ मिळे, तो शब्दही पोर्तुगीजच आहे.

१९६६: दादर

बटाटेवडा त्याआधीपासून होता. तळलेल्या वड्यांची परंपरा तर फारच जुनी आहे: कल्याणीच्या चालुक्य राजा तिसऱ्या सोमेश्वराच्या नावावर असलेल्या बाराव्या शतकातील ‘मानसोल्लास’ या संस्कृत ग्रंथातल्या अन्नप्रकरणात डाळीच्या वड्यांचे वर्णन येते. बटाट्याचा वडा म्हणजे त्या जुन्या तंत्रात नव्या कंदाचा शिरकाव. घरी सणावाराला, लग्नाच्या पंगतीत तो होई, आणि रेल्वे स्थानकांवरही मिळे. कर्जतचा वडा प्रसिद्ध होण्याचे कारण तर थेट भूगोलात आहे. पुण्याकडे जाणाऱ्या गाडीला बोरघाट चढण्यासाठी मागून जादा इंजिने जोडावी लागतात, ती कर्जतला जोडतात, आणि तेवढा वेळ गाडी फलाटावर थांबते. गरम वडा विकायला आणि खिडकीतून हात बाहेर काढून घ्यायला तो वेळ नेमका पुरतो.

हा वडा पावात घालण्याचे श्रेय सर्वसाधारणपणे अशोक वैद्य यांना दिले जाते. १९६६ मध्ये दादर स्थानकाबाहेर त्यांची गाडी होती आणि शेजारच्या गाडीवरचा आम्लेट-पाव पाहून त्यांना ही कल्पना सुचली, असे सांगतात. त्याच काळात दादरमध्येच सुधाकर म्हात्रे यांनीही वडापाव विकायला सुरुवात केली, असेही म्हटले जाते. कोण पहिला, यावर वाद घालणाऱ्यांनी खुशाल घालावा. मला त्या वादापेक्षा ती जागा महत्त्वाची वाटते. पश्चिम आणि मध्य या दोन्ही रेल्वेमार्गांचे प्रवासी दादरला एका पुलावर एकत्र येतात. गिरणगाव तिथून हाकेच्या अंतरावर. भोवती मराठी मध्यमवर्गाची वस्ती. बेकरीची लादी आणि वड्याची कढई शेजारी-शेजारी होतीच. असा पदार्थ तिथे एकाच वेळी दोघांना सुचला असेल, तर त्यात नवल नाही.

सालही लक्षात ठेवण्यासारखे आहे. १९६५ आणि १९६६ ही देशात लागोपाठच्या दुष्काळाची वर्षे होती. १९६६ मध्ये भारताने सुमारे १ कोटी टन धान्य आयात केले आणि त्यात मोठा वाटा अमेरिकेतून ‘पीएल ४८०’ या करारान्वये येणाऱ्या गव्हाचा होता. भात खाणाऱ्या कोकणी माणसाच्या ताटात शहरात आल्यावर गहू शिरला, त्यामागे चवीपेक्षा रेशनच्या दुकानात काय मिळते याचा भाग मोठा होता. सरकारने स्वतःची पाव बनवणारी कंपनी, मॉडर्न बेकरीज, काढली तीही १९६५ मध्येच. ज्या वस्तूने धर्म बुडत होता ती वस्तू आता सरकारच कारखान्यात बनवत होते, आणि त्याबद्दल कोणी प्रायश्चित्ताची मागणी केल्याचे ऐकिवात नाही.

कढईतले शास्त्र

वडापाव गाडीवर टिकला आणि इतर अनेक पदार्थ टिकले नाहीत, याची कारणे कढईत पाहावी लागतात. वड्याच्या आतले सारण आधीच शिजलेले असते. सकाळी बटाटे उकडून, मोहरी-हिंग-हळदीची फोडणी, आले-लसूण-मिरचीचे वाटण आणि कोथिंबीर घालून गोळे वळून ठेवले, की गाडीवरचे काम फक्त बाहेरचे आवरण तळण्याचे राहते, आणि त्याला दोन-तीन मिनिटे पुरतात. कच्च्या सारणाच्या पदार्थाला हा वेग साधत नाही.

गोळा भिजवलेल्या बेसनात बुडवून तापलेल्या तेलात सोडला, की आवरणातल्या पाण्याची वाफ होऊन ती जोराने बाहेर पडू लागते. कढईतले बुडबुडे म्हणजे तीच वाफ. वाफ बाहेर पडत असेपर्यंत तेलाला आत शिरायला वाव मिळत नाही. वडा बाहेर काढून तो निवू लागला, की आतल्या वाफेचे पुन्हा पाणी होते, पोकळी निर्माण होते आणि वड्याच्या अंगावर राहिलेले तेल आत ओढले जाते. वडा मुख्यतः कढईबाहेर आल्यावर तेल पितो, हे वाचून अनेकांना आश्चर्य वाटते. म्हणून झाऱ्यावर वडे दोन क्षण कढईच्या वरच निथळू देणारा आणि घाणा थेट परातीत ओतणारा, या दोघांच्या वड्यांत फरक पडतो. तेल पुरेसे तापलेले नसेल तर आवरण लवकर घट्ट होत नाही आणि वडा तेलकट होतो. हे गाडीवाल्याला पुस्तकातून कळलेले नसते. तो बेसनाचा एक थेंब तेलात टाकतो आणि तो किती चटकन वर येतो ते पाहतो.

याच थेंबांतून चुरा निघाला. बेसनात हात बुडवताना कढईत पडणारे शिंतोडे तळून कुरकुरीत होतात. एरवी टाकून देण्याची ही गोष्ट, पण प्रभादेवीच्या कीर्ती महाविद्यालयाजवळची गाडी याच चुऱ्यासाठी प्रसिद्ध झाली आणि आज ‘चुरा घालून’ असे वेगळे सांगणारे गिऱ्हाईक असते.

सुक्या चटणीकडे मात्र लोक नुसती चव म्हणून पाहतात, आणि हा तिच्यावर अन्याय आहे. लसूण, सुके खोबरे, लाल तिखट आणि मीठ यांची ही चटणी. तिच्यात पाणी जवळजवळ नसल्यामुळे ती उन्हात, उघड्या गाडीवर, फ्रिजशिवाय कित्येक दिवस राहते. कोथिंबिरीची ओली चटणी संध्याकाळपर्यंत आंबते. शिवाय ओल्या चटणीने पाव भिजून लगदा होतो. सुकी चटणी त्याला कोरडा ठेवते आणि वड्यातून सुटणारे तेल आपल्यात धरून ठेवते. पावाचे कामही असेच दुहेरी आहे: तो पोट भरतो, आणि हाताला चटका बसू न देता गरम वडा धरायची सोय करतो. पत्रावळ, द्रोण, चमचा यांपैकी काही लागत नाही. गुंडाळायला पूर्वी सर्रास वर्तमानपत्राचा कागद असे. छपाईची शाई अन्नात उतरते म्हणून अन्न सुरक्षा व मानके प्राधिकरणाने हा वापर टाळण्यास वारंवार सांगितले आहे. तरी बऱ्याच गाड्यांवर अजून कालच्या बातम्या तेलात पारदर्शक झालेल्या दिसतात.

अस्मिता आणि गाडी

वडापाव जन्मला त्याच वर्षी, १९ जून १९६६ रोजी, मुंबईत शिवसेनेची स्थापना झाली. हा योगायोग आहे, पण पुढच्या काळात दोघांचे नाते जुळले ते योगायोगाने नव्हे. शहरातल्या नोकऱ्या आणि धंदे परप्रांतीयांच्या हाती आहेत, हे शिवसेनेचे सुरुवातीचे मुख्य म्हणणे होते आणि दाक्षिणात्य उडपी उपाहारगृहे हे त्या रागाचे एक दृश्य लक्ष्य ठरले. इडली-डोशाला तोंड देणारा, थोड्या भांडवलात उभा राहणारा, मराठी तरुणाला करता येईल असा धंदा म्हणून वडापावची गाडी पुढे आली. गाडीवर भगवे अक्षर आले, नावात ‘शिव’ आले, शाखेजवळ जागा मिळाली.

मग आला संप. १८ जानेवारी १९८२ रोजी दत्ता सामंत यांच्या नेतृत्वाखाली सुमारे अडीच लाख गिरणी कामगार संपावर गेले. तो संप रीतसर मागे घेतला गेलाच नाही. गिरण्याच एकेक करून थंडावल्या. ज्या माणसाने वीस वर्षे साचा, म्हणजे माग, चालवला, त्याच्याकडे दुसरे कौशल्य नव्हते आणि भांडवल तर नव्हतेच. त्यांतले कित्येक जण गावी परतले, आणि जे राहिले त्यांनी किंवा त्यांच्या मुलांनी भाजीची टोपली, चहाची टपरी, वडापावची गाडी असे जे जमेल ते धरले. घरात बायको सारण करते, मुलगा लादी आणतो, बाप कढईपाशी उभा राहतो. पूर्वी ज्याने पाळी सुटल्यावर वडापाव विकत घेतला होता, तोच आता तो विकू लागला. वडापावाला ‘गरिबाचा बर्गर’ म्हणणारे लेख अधूनमधून येतात; मला हे नाव कधीच आवडलेले नाही, कारण त्यात हा सगळा भाग पुसला जातो.

गाडी उभी राहिली तरी ती टिकेलच असे नव्हते. महापालिकेची गाडी आली की कढईसकट सामान उचलून पळणे हा या धंद्याचा भाग होता. मुंबईतल्या फेरीवाल्यांच्या संघटनेने लढवलेल्या खटल्यात सर्वोच्च न्यायालयाने १९८५ मध्ये फेरीवाला आणि बिगरफेरीवाला क्षेत्रे आखण्याची दिशा दिली, आणि २०१४ मध्ये पथविक्रेत्यांच्या उपजीविकेला संरक्षण देणारा कायदा संसदेने केला. कायदा कागदावर स्पष्ट आहे. त्याची अंमलबजावणी मात्र शहरागणिक आणि निवडणुकीगणिक रेंगाळत आली आहे.

२००१ मध्ये ‘जम्बोकिंग’ आणि २००४ मध्ये ‘गोली’ या साखळ्यांनी वडापाव दुकानात, काचेच्या आत नेला. २००८ मध्ये शिवसेनेने ‘शिव वडापाव’ ही योजना आणली. साखळीतला वडा सगळीकडे एकाच वजनाचा असतो आणि हात न लावता बनतो, याचे मोल आहे. पण गाडीवरच्या वड्याची चव त्या-त्या कढईची असते, आणि तिथेच ठरलेले गिऱ्हाईक बांधले जाते.

पावाची हद्द

वडापाव आता महाराष्ट्रभर मिळतो, तरी प्रत्येक भागाने त्याला जसाच्या तसा घेतलेला नाही. नाशिकला पाववडा आहे: तिथे पावाच्या आत बटाट्याचे सारण भरून सबंध पावच बेसनात बुडवून तळतात, म्हणजे मुंबईत पावाच्या आत वडा, तर तिथे वड्याच्या आत पाव. पुण्यात ‘पॅटिस’ मागितले तर पावाच्या दोन चकत्यांमध्ये बटाट्याची भाजी घालून बेसनात तळलेला तुकडा पुढे येतो. नागपुराकडे वड्याला आलूबोंडा म्हणतात आणि तो तर्रीत बुडवून चमच्याने खातात; तिथे पावाची गरजच भासत नाही. माझी समजूत अशी आहे की जिथे बेकरी, गिरणी आणि लोकल गाडी या तिन्ही गोष्टी एकत्र आल्या नाहीत, तिथे वड्याला पाव अपरिहार्य झाला नाही. ज्याला बसून खायला वेळ आहे, त्याला वाटी चालते.

मुंबईच्या लादीपावापुढे अलीकडे वेगळाच पेच उभा राहिला आहे. शहरातल्या अनेक जुन्या बेकऱ्यांच्या भट्ट्या लाकडावर चालत आल्या आहेत आणि अनेकदा ते लाकूड म्हणजे मोडक्या फर्निचरचे तुकडे असतात. त्यांचा धूर दाट वस्तीत पसरतो. जानेवारी २०२५ मध्ये मुंबई उच्च न्यायालयाने लाकूड आणि कोळशावर चालणाऱ्या बेकऱ्यांना सहा महिन्यांत गॅस किंवा अन्य स्वच्छ इंधनाकडे वळण्याचा आदेश दिला. बेकरीमालकांचे म्हणणे असे की भट्टी बदलण्याचा खर्च मोठा आहे, तो भरून काढायचा तर लादी महाग करावी लागेल आणि लाकडाच्या धगीवर भाजलेल्या पावाची चवही जाईल. गाडीवाले लादीच्या भावावर नजर ठेवून आहेत, कारण लादी एका रुपयाने वाढली तरी वडापाव एका रुपयाने महाग करता येत नाही. बोटे दाखवणारे गिऱ्हाईक सुटे पैसे मोजूनच आणते.